ठोक्याचा खरा वेग

सोफे दुरुस्त करणाऱ्या या माणसाला जुने मित्र अजून ठोक्याच म्हणतात. तरुणपणी चौघांच्या पॉप-पंक बँडमध्ये तो ड्रम वाजवायचा. त्यांचा पहिला अल्बम असा गाजला, की तो ऐकून कितीतरी पोरांनी गिटारी घेतल्या आणि शेजाऱ्यांच्या शिव्या खाल्ल्या. एवढ्या वेगानं ठोके पडतात तरी कसे, हा सगळ्यांचा प्रश्न.

उत्तर चौघांनाच ठाऊक होतं. उसन्या आणलेल्या रेकॉर्डिंग मशीनचा पट्टा सैल होता. रेकॉर्ड करताना टेप हळू फिरली, आणि दुसऱ्या धड मशीनवर लावताच गाणी उधळली, आवाज कोवळे झाले. मशीन तर परत गेलेलं. अल्बम तसाच बाहेर पडला. पुढे कार्यक्रमांत तो वेग गाठता गाठता ठोक्याच्या नाकी नऊ आले. बँड मोडला तेव्हा त्याला मनातून हायसंच वाटलं.

आता इतक्या वर्षांनी चौघांनी तो अल्बम पुन्हा एकदा वाजवायचं ठरवलं. ठोक्याचा खांदा धरलेला. त्यात त्याची लेक बापाचाच अल्बम ऐकून ड्रम शिकलेली, तो वेग सहज पेलणारी.

"बाबा, मागे पडताय हं," सराव ऐकून ती म्हणाली.

"मागे नाही. गाण्याचा खरा वेग एवढाच आहे." आणि त्यानं पट्ट्याची गोष्ट सांगून टाकली.

"म्हणजे शाळेपासून मी हात मोडून घेतले ते एका सैल पट्ट्यापायी?" लेक हसत सुटली. मग हळूच म्हणाली, "मी बसू का तुमच्या जागी?"

ते सोपं होतं. लोकांचा हिरमोड झाला नसता, अब्रूही राहिली असती. पण आपलं गाणं आपण बसवलं तसं एकदाही लोकांसमोर वाजलेलं नाही, हे त्याला बोचत होतं.

"नको. मीच बसतो."

पहिल्याच गाण्याला कोणीतरी ओरडलं, "चावी संपली का रे?" ठोक्याचे कान तापले, पण त्यानं हात पळू दिले नाहीत. दुसऱ्या गाण्याला पुढचा एक टकलू चाहता शेजाऱ्याला म्हणाला, "अरे, शब्द आज कळतायत!"

"आणि गुडघेही टिकतायत," शेजारी उड्या मारता मारता म्हणाला.

कार्यक्रम संपल्यावर लेकीनं घामेजलेल्या बापाला टॉवेल दिला. "बाबा, हळू वाजवणं अवघड आहे हो. दोन ठोक्यांमध्ये केवढी जागा उरते. मी तर घाबरले असते."

"म्हणून तर तुला बसवलं नाही," ठोक्या म्हणाला आणि खांदा चोळत खाली बसला.