कच्ची खळ

सर्व संबंधितांस अत्यंत गांभीर्यानं कळविण्यात येते की, मैद्याची खळ मुद्दाम बिघडवण्याच्या शास्त्रात प्रस्तुत लेखिकेचा हात आजवर कुणी धरलेला नाही. ही विद्या तिनं वयाच्या अकराव्या वर्षीच संपादन केली.

खळ चांगली करणं सोपं. मैदा गार पाण्यात कालवायचा, गुठळ्या बोटांनी मोडायच्या, चिमूटभर तुरटी टाकायची आणि पांढरेपणा जाऊन काचेसारखी झाक येईपर्यंत मंद आचेवर ढवळत राहायचं. पुंडलिकनगरातल्या आमच्या दोन खोल्यांत हे खातं दादाकडं होतं. तो माझ्यापुढं एक इयत्ता. दर जूनला त्याची पुस्तकं माझ्याकडं यायची आणि त्याच्या नावावर माझ्या नावाची चिठ्ठी तोच चिकटवायचा. घट्ट बसावी म्हणून वर एक गुद्दा. पुस्तक ठेवलेलं असायचं माझ्या पाठीवर.

त्या उन्हाळ्यात कावीळ झाली आणि दादा गेला. पुस्तकं मात्र नेहमीसारखी माझ्याकडं आली. पहिल्या पानावरचं त्याचं नाव दिसलं की आईचा हात थांबायचा, तव्यावरची भाकरी करपायची. शेवटी वडिलांनी औरंगपुऱ्यातून कागद आणला आणि मला हुकूम सोडला, "खळ कर. सगळी नावं झाकून टाक."

मला ती झाकायची नव्हती. पहिली वाफ दिसताच मी भांडं उतरवलं. चेहरा मात्र बासुंदी उतरवणाऱ्या आचाऱ्याचा. सकाळी सातही चिठ्ठ्या सुटून दप्तराच्या तळाशी, आणि सातही पुस्तकांवर दादा जागच्या जागी.

"एवढी साधी खळ जमंना व्हय तुला?" वडील म्हणाले.

"मैदाच लई जुना होता, बाबा," मी डोळे मोठ्ठे करून सांगितलं.

मग त्यांनी स्वतः स्टोव्ह पेटवला. जन्मात कधी चहा न केलेल्या माणसानं काय सुरेख खळ केली! एक गुठळी नाही. चिठ्ठीला ती लावली, चिठ्ठी बोटावर घेतली आणि गणिताच्या पुस्तकावर, नावाच्या वर हात नेला. तिथंच थांबले.

"लावा की," आई दारातून म्हणाली. तिचे हात पिठाचे होते.

चिठ्ठीच्या कडा वाळून वळायला लागल्या. वडिलांनी ती आईपुढं धरली आणि एकदम बोलून गेले, "माझ्यानं नाय व्हत गं. तूच लाव."