ताईची मुलाखत

तलवाड्याहून निघाले, तेव्हा मला निरोप द्यायला ताई माहेरी आली होती. आमच्या वडिलांनी, अण्णांनी, बॅग जीपच्या टपावर बांधली आणि म्हणाले, "लई शिक. पर हिकडचं इसरू नको."

विसरायची सोयच नव्हती. इंग्लंडात समाजशास्त्रात पीएचडीला आले, तेव्हा मला इथल्या एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्यांवर काम करायचं होतं. माझ्या सुपरवायझर बाई म्हणाल्या, "ते कुणीही करेल. तू तुझ्या गावच्या बायकांवर कर. तुझ्यासमोर त्या मोकळं बोलतील." स्कॉलरशिपही त्याच विषयाला मिळाली. एवढ्या लांब येऊन मी पुन्हा आमच्या गेवराई तालुक्यातच अडकले.

फील्डवर्कला गावाकडे गेले. लग्नानंतर बाईच्या आयुष्यातले निर्णय कोण घेतं, हा माझा प्रश्न. ताईची मुलाखत तिच्या सासरी, ओसरीवर घेतली. सासू शेजारीच ज्वारी निवडत होती. रेकॉर्डरसमोर ताई शाळेत कविता म्हणावी तशी बोलली, "समदं मला इचारूनच करतेत. लई सुखी हाय मी."

मग म्हैस दाखवायच्या निमित्तानं तिनं मला गोठ्यात नेलं आणि पाठ उघडी केली. नवऱ्याच्या पट्ट्याचे वळ होते.

"हे लिहू नको," ती म्हणाली. "अन् अण्णांना कळू देऊ नको. त्यांला सोसायचं न्हाई."

सुपरवायझर बाईंना मुलाखत फार आवडली. ताईच्या सुखी असण्यावर प्रबंधाचं अख्खं प्रकरण उभं राहील, म्हणाल्या. मी ती काढून टाकते म्हटलं, तर त्यांनी कारण मागितलं. "ती माझी बहीण आहे," एवढंच मला बोलता आलं.

"म्हणूनच तर ती मोलाची," त्या म्हणाल्या.

तरी मी ती काढलीच. प्रकरण लंगडं राहिलं, मुदत वाढवून घ्यावी लागली, आणि वळ कुठंच गेले नाहीत.

यंदा अण्णा गेले. त्यानंतर मी ताईला फोनवर विचारलं, "निघतीस का तिथून? मी येते न्यायला."

ती म्हणाली, "निघते. पर कुठं नेशील? आपला दादा म्हंतो, ये, पर पावनी म्हणून ये. आता लपवून तरी काय करू? लिही तू, समद्यांला कळू दे."

म्हणून तुम्हा गाववाल्यांसाठी हे लिहिलं. इथल्या माझ्या खोलीत दुसऱ्या माणसाला राहायची परवानगी नाही. गावातले तुम्ही आणि गाव सोडलेले तुम्हीही विचारता, घरी कधी जाणार? सध्या मी पुण्यात दोन बायकांपुरती भाड्याची जागा शोधतेय. मिळाली, की आम्ही दोघी घरी जाऊ.