समोरच्या भिंतीचा पत्रा

आमच्या घराचं तोंड पश्चिमेला. पावसाळ्यात समोरची भिंत ओल धरायची आणि बाबांची खाट नेमकी त्याच भिंतीला लागून. बाबांना दमा. मागच्या पावसाळ्यात त्यांना दोनदा रिक्षात घालून दवाखाना गाठला. दुसऱ्या वेळी डॉक्टर माझ्यावरच उखडले, "ओलीत झोपवता, मग औषध काय करणार?" खाट हलवू म्हटलं तर बाबा ऐकेनात. रस्ता दिसल्याशिवाय त्यांना करमत नाही.

तेव्हापासून माझ्या जिवाला चैन नव्हती. मुळात मी उतावळा. उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग, असं बायको म्हणते, ते काही खोटं नाही. उन्हाळ्यात चितेगावला एका कारखान्याच्या भिंतींना पन्हाळीचा रंगीत पत्रा लावलेला पाहिला आणि तिथंच ठरवून टाकलं. भिंतीवर लोखंडी पाइपांची चौकट, तिच्यावर उभा पत्रा, म्हणजे पाणी भिंतीला शिवणारच नाही. बाबांना विचारलं नाही, नुसतं सांगितलं. जन्मभर गवंडीकाम केलेला माणूस, ती भिंतही त्यांनीच उभी केलेली. ते फक्त "बरं" म्हणाले.

मिस्त्री सिल्लोडचा, शांत माणूस. पहिला पत्रा उचलून तो डाव्या टोकाला निघाला तसा मी आडवा आलो. आमच्याकडं शुभकाम उजव्या अंगानं सुरू करतात. नारळही मी उजव्या कोपऱ्यातच फोडला होता.

"भैया, तुमच्याकडं पाऊस उजवीकडून मारतो," तो म्हणाला. "डावीकडून लावत आलो तर पुढचा पत्रा मागच्यावर चढतो, त्याची कड पावसाला पाठ करती. उजवीकडून लावलं तर सगळे जोड पावसाकडं तोंड उघडून बसतील."

"घर माझं आहे का तुमचं?" मी तडकलो. "उजवीकडूनच लावा."

बाबा ओट्यावर खुर्ची टाकून बसले होते. मिस्त्रीनं त्यांच्याकडं पाहिलं. बाबांनी मान खाली घातली. "आपकी मर्जी," म्हणत मिस्त्री उजव्या टोकाला गेला.

दोन दिवसांत काम उरकलं. घर झकास दिसायला लागलं, गल्लीतले लोक येऊन बघून गेले. मला मात्र पावसाची वाट बघवेना. तिसऱ्या दिवशी भर दुपारी टाकीच्या नळाला पाइप जोडला, उजव्या कोपऱ्यात उभा राहिलो आणि पाइपाच्या तोंडावर अंगठा दाबून पत्र्यावर जोराची धार सोडली. पाचएक मिनिटांत पत्र्याच्या आतल्या बाजूनं खाली पाणी ठिबकायला लागलं. वाकून फटीतून हात घातला. भिंत ओलीचिंब झाली होती. मला माझीच लाज वाटली, आणि ती मी बाबांवर काढली.

"तुम्ही गवंडी. तुम्हाला कळत होतं ना?"

"व्हय."

"मग बोलला का नाहीत?"

बाबा थांबत थांबत, दम घेत बोलले. "माझ्यापायी तू एवढा पळताना मी कधी बघितला नव्हता. मधी बोललो असतो तर चिडून काम टाकून दिलं असतंस. म्हटलं, ऱ्हाऊ दे ओल."

मी मिस्त्रीला फोन लावला आणि बाबांच्या हातात दिला. म्हटलं, "कुठून सुरू करायचं ते तुम्ही सांगा."