ताईच्या आवाजाचा खेळ

ऐंशीनंतरच्या त्या वर्षांत मी पांढुर्ण्यात राहून पहिल्या सिनेमाला संगीत दिलं. दिग्दर्शक नागपूरचा, माझा कॉलेजातला मित्र. संत्र्याच्या बागेत राबणाऱ्या एका बाईवर त्यानं चार मित्रांच्या जिवावर सिनेमा काढला होता. शेवटी ती बाई मरते. तिथं काय वाजवावं ते मला सुचेना. पंधरा दिवस हार्मोनियमवर डोकं आपटलं, निघालं ते सगळं रडकं आणि शिळं.

ताई माहेरी आली की भुलाबाईची, पोरींच्या फेराच्या खेळातली गाणी म्हणायची. एका वर्षी मीच ती टेप केली होती. पुढच्या वर्षी ताई बाळंतपणात गेली. तेव्हापासून ती कॅसेट आईच्या ट्रंकेत होती. आई कोणाला हात लावू देत नसे, स्वतःही ऐकत नसे. एका दुपारी मी ती काढली, नागपूरला नेली, टेपची गती कमी केली आणि तो आवाज मरणाच्या प्रसंगाखाली टाकला. कॅसेट गुपचूप परत ठेवली. आईला विचारलं असतं तर ती नाही म्हणाली असती, म्हणूनच विचारलं नाही.

तो प्रसंग बघून मुंबईतल्या जाणकारांनी म्हणे डोळे पुसले. मला आणखी दोन सिनेमे मिळाले आणि माझे पाय जमिनीवर राहिले नाहीत.

मग सौंसरच्या शाळेत, खिडक्यांना पोती लावून, सिनेमा दाखवला. पडद्यावर पोराचं नाव येणार म्हणून आई हट्टानं आली. एवढा संथ आवाज ती ओळखणार नाही, अशी मी स्वतःची समजूत घातली.

मरणाच्या प्रसंगात पुढं बसलेल्या पोरींनी दुसऱ्याच ओळीला गाणं ओळखलं आणि टाळ्यांचा ठेका धरला. एक ओरडली, "खिरापत ओळखा!" भुलाबाईची गाणी संपली की प्रसादाचा डबा वाजवून असंच विचारतात. सगळा हॉल हसला. दिग्दर्शकानं माझ्याकडे डोळे वटारले. मी आईकडे बघत होतो. तिचा चेहरा उजळला होता, तीही पोरींबरोबर हळूहळू टाळ्या वाजवत होती. मग पडद्यावरच्या बाईच्या तोंडावर कापड ओढलं गेलं. आईचे हात तिथंच थांबले.

परतीच्या बसमध्ये तिगाव आलं. तेव्हा आई म्हणाली, "एकदा गेली ना माही पोरगी. तू काहून तिले पुन्हा पुन्हा मारून राहिला?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्या महिन्यात सिनेमाचे आणखी सहा खेळ ठरले होते. मी एकही थांबवला नाही.