पोटावरचं लिंबू

माझे वडील दांडपट्ट्याचे वस्ताद. आडव्या पडलेल्या माणसाच्या पोटावरचं लिंबू ते डोळे बांधून पट्ट्याने कापत आणि कातडीला ओरखडाही येत नसे. हा हात उभ्या सोलापुरात त्यांच्याशिवाय कुणाला येत नव्हता. तेवढ्या जोरावर गणपतीच्या मिरवणुकीत आमच्या तालमीला पुढचा मान होता. पण सत्तरच्या दशकात मंडळातल्या पोरांना बँडचं वेड लागलं. वस्तादांचा हात चुकला की पुढच्या वर्षीपासून बँड पुढे, असं त्यांनी ठरवूनच टाकलं होतं.

पोट आईचं असे. बाई भर रस्त्यात आडवी पडते म्हणून आधी गावात चर्चा झाली, मग लोक सरावले.

त्या वर्षी मिरवणुकीच्या आदल्या दिवशी कुणीतरी वडिलांना विचारलं, "वैनींना हे शिकवलं कसं?"

वडिलांनी मिशीला पीळ दिला. "त्यात काय शिकवायचं? पडून ऱ्हायाचं काम. कुणीबी करंल की."

आई आत शेंगा फोडत होती. तो आवाज थांबला. "मग घ्या कुणालाबी," ती म्हणाली. "मी न्हाय यायची."

तालमीत दोन-दोनशे जोर मारणारे अकरा पठ्ठे होते. एकाची पाठ धरली, एकाची सासू अक्कलकोटला अत्यवस्थ झाली, एकाने तर लिंबाचा वासच सोसत नसल्याचं सांगितलं. "बांगड्या भरा रे हातात!" असं म्हणून वडिलांनी माझ्याकडे पाहिलं. मी गिरणीत कारकून, दोन पोरांचा बाप, आणि लिंबू ठेवायला घरात सर्वांत ऐसपैस जागा माझ्याकडेच होती.

दुसऱ्या दिवशी हलगी थांबली. मी आडवा पडलो. पट्टा माझ्यावरून सूं सूं करत फिरला, पुन्हा फिरला, पण खाली येईना. लोकांना वाटलं, वस्ताद रंगत वाढवतायत. मला मात्र त्यांच्या ओठावरचा घाम दिसत होता.

"हल की जरा," ते पुटपुटले.

पट्ट्याखाली कोण हलणार? मी श्वाससुद्धा सिद्धेश्वराच्या हवाली केला होता. तिकडे बँडवाल्यांनी पिपाण्या तोंडाला लावल्या.

तेवढ्यात गर्दीतून आई आली. तिने मला कान धरून उठवलं. "ऊठ! तुझ्या हातात काकणं हायेत का?"

ती आडवी पडली, लिंबू ठेवलं आणि पोटाशी हात नेऊन काकणं हलकेच दोनदा वाजवली. वडिलांची मान त्या बाजूला वळली. लिंबाच्या दोन फोडी झाल्या.

तीस वर्षं ते त्या आवाजावर हात चालवत होते. मला लाज वाटली. तिच्या पोटची पोरं आम्ही, आणि आमच्यापैकी एकाच्याही हे ध्यानात आलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी वडील कासाराला तालमीत घेऊन आले. "सगळ्यांनी बांगड्या भरायच्या," ते म्हणाले. अकरा पठ्ठे दाराकडे बघू लागले. तेव्हा वडिलांनी आपलाच हात आधी पुढे केला. मग ते तालमीच्या लाल मातीत उताणे झाले आणि आईला म्हणाले, "हं, शिकीव. मलाबी, ह्यांनाबी."

आईने पदर खोचला. "आधी पोट आत घ्या," ती म्हणाली.

"व्हय, वस्ताद," वडील म्हणाले.