विचारून घेतलेलं पुस्तक

जुन्या जालन्यातल्या त्या नेट कॅफेवाल्याकडे नेटवरून कुठलंही पुस्तक उतरवून मागा, तो आधी लेखकाची परवानगी शोधायचा. पडद्यावर बोट ठेवून, ओठ हलवत वाचायचा. परवानगी दिसली नाही तर म्हणायचा, "न्हाई सर, हे उतरवता येत न्हाई."

मी भोकरदनच्या कॉलेजात संख्याशास्त्र शिकवायचो. मी मागितलेलं पुस्तकही त्यानं असंच नाकारलं. "लेखकालाच विचारतो. थोडं थांबा."

मी थांबलो नाही. दुसरीकडून चोरीच्या प्रतीची सीडी आणली आणि वर्गात वाटूनही टाकली.

महिन्याभरानं त्यानं मला रस्त्यावरून हाक मारली. डिक्शनरी घेऊन त्यानं लेखकाला इंग्रजीत तीनदा ईमेल लिहिली होती. आता उत्तर आलं होतं, सोबत अख्खं पुस्तक.

"तुमच्या नावानंच लिहिल्तं सर. म्हटलं, आमचे सर बिलकुल इमानदार आहेत, विचारल्याबिगर घेणार न्हाईत."

लेखकानं त्याबद्दल माझे आभार मानले होते. ते त्यानं अडखळत, मोठ्यानं वाचून दाखवलं.

"आता पोरांना बिनधास्त वाटा, सर."

सीडीचं सांगायला मी तोंड उघडलं, आणि विचारलं, "उतरायला किती वेळ?" पुस्तक उतरायला अर्धा तास लागला. तेवढा वेळ मी त्याच्या शेजारी मान खाली घालून बसलो, आणि त्याला वाटलं, सर भारावलेत.