आईचे नवे डोळे आणि नवरीच्या पापण्या

आईनं लेझरचं ऑपरेशन करून चष्मा घालवला तेव्हा मी वाशीच्या कॉलेजात दुसऱ्या वर्षाला होते. आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच. त्यामुळे इंग्रजीत छापलेलं जे काही घरात येई ते माझ्यापुढे ठेवलं जाई. औषधाच्या बाटलीबरोबरचा कागद असो की खोट्या पापण्या चिकटवायच्या गोंदाची ट्यूब असो, मी वाचून सांगायचं. मला निम्मं कळायचं. उरलेलं नीटसं कळत नाही असं मी खरं खरं सांगायचे, आणि मग वडील विचारायचे, "मग कालेजात काय शिकवत्यात?"

वडील मार्केटात माथाडी होते. आईनं कोपरखैरण्याच्या आमच्या घरात पुढच्या खोलीला पडदा लावून ब्युटी पार्लर काढलं होतं. साताऱ्याकडच्या खेड्यातून आलेल्या बाईनं पार्लर काढावं हे आमच्या नातेवाइकांना पटलं नव्हतं, पण त्यांच्याच पोरी लग्न ठरलं की पहिल्यांदा आमच्याकडे यायच्या.

आईच्या चष्म्याच्या काचा फार जाड होत्या. त्यांच्यामागे तिचे डोळे वाटाण्याएवढे दिसत. काम करताना मात्र ती चष्मा काढून ठेवायची. चष्म्याशिवाय तिला समोरच्या भिंतीवरचं घड्याळ दिसत नसे, पण वीतभर अंतरावरचं असं लख्ख दिसे की भुवईतला नुकता उगवू लागलेला केसही सुटत नसे. त्यासाठी तिला गिऱ्हाइकाच्या तोंडाला तोंड लावून बसावं लागे. म्हणून ती कामाच्या वेळी तोंडात वेलची धरायची. एकदा एक बाई म्हणाली, "मॅडम, एवढ्या जवळ तर आमचे हे पण येत नाहीत."

तिला चष्मा नको झाला तो पापण्यांमुळे. नवऱ्यामुलींना ती इतक्या सुंदर पापण्या लावायची, पण स्वतः लावल्या की त्या चष्म्याच्या काचेवर गाडीच्या वायपरसारख्या फिरायच्या. काचेवर काळे फराटे उठायचे. शेवटी तिनं ठरवलंच, आणि आम्ही मुंबईतल्या एका डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेलो. ते स्वच्छ मराठी बोलत होते, तरी आईनं मला दुभाषी म्हणून शेजारी बसवलं.

डॉक्टरांनी वय विचारलं.

"छत्तीस," आई म्हणाली.

मी पंख्याकडे बघितलं. मी आठवीत होते तेव्हा आई पहिल्यांदा छत्तीस वर्षांची झाली होती. पार्लरवाल्या बाईनं वय वाढवत राहणं धंद्याला बरं नाही, असं तिचं मत होतं. आणि खरं वय तरी कुणाला ठाऊक होतं? आजोबांनी शाळेत घालताना मास्तरांनी अंदाजानं लिहिलेलं.

"मग ठीक आहे," डॉक्टर म्हणाले. "लांबचा नंबर जाईल. पण चाळिशी ओलांडली असेल तर जवळचं दिसायला चष्मा लागतो. तुम्हाला अजून अवकाश आहे."

आईनं मान हलवली. शेजारच्या बाईबद्दल काही सांगितलं जातंय तशी.

ऑपरेशन चांगलं झालं. सूचनांचा कागद मी दोन-तीनदा वाचला आणि आईला समजावला. डोळे चोळायचे नाहीत, डोळ्यांत पाणी जाऊ द्यायचं नाही, बाहेर जाताना काळा चष्मा. आणि महिनाभर काजळ, लायनर, पापण्या, काही म्हणजे काही लावायचं नाही.

"काजळ पण नाही?"

"नाही."

"घरचं, बदामाचं?"

"आई, त्यात बदामाचं वेगळं दिलेलं नाही."

तो महिना पार्लरला वाईट गेला. आई काळा चष्मा घालून दारात उभी राही, आणि गिऱ्हाइकं लांबूनच बघून मागे फिरत. त्या वर्षी आमच्या भागात डोळ्यांची साथ येऊन गेली होती. "मॅडमचे डोळे आलेत" ही बातमी सेक्टरभर झाली. एक बाई तोंडाला पदर लावून आली आणि आईकडे न बघता, भिंतीकडे तोंड करून तिनं फेशियलचा दिवस ठरवला. काळा चष्मा काढला तर आणखीच पंचाईत. बिनकाजळाची आई कुणी पाहिलीच नव्हती. "ताप येऊन गेला का?" असं विचारत.

पण आई खूश होती. संध्याकाळी ती गॅलरीत उभी राहून लांबून येणाऱ्या बसचा नंबर सांगायची. समोरच्या टाकीवर बसलेला कावळा एका पायानं लंगडतो, हे तिनंच आम्हाला दाखवलं.

जवळचं काय झालं ते आधी वडिलांना कळलं. "आगं, भातात खडं लागत्यात," ते एकदा जेवताना म्हणाले. मग आईनं सुईत दोरा ओवायला मला हाक मारली. मग एका बाईची एक भुवई दुसरीपेक्षा बारीक झाली. त्या रात्री आईनं पापण्यांची डबी हातात धरली, लांब केली, आणखी लांब केली. हात संपला तरी तिला ती नीट दिसेना.

मी हळूच म्हणाले, "डॉक्टर म्हणाले होते ना, चाळिशी..."

"मी छत्तीसची आहे," आई म्हणाली. हे ती मला सांगत होती, जिला तिनं जन्म दिला होता.

नेमकं त्याच आठवड्यात बोनकोड्याचं काम आलं. बोनकोडे हे आगरी लोकांचं जुनं गाव आमच्या सेक्टरला लागूनच, पण तिथलं मोठं लग्न आईला अजून मिळालं नव्हतं. नवरीची आत्या स्वतः ठरवायला आली. ठसठशीत नथ, आवाज खणखणीत. गळ्यात दोरीला बांधलेला चष्मा लोंबत होता. खुर्चीत बसताच तिनं सांगितलं, "हे बग, आमच्या पोरीचे डोले मोटे दिसले पायजेत. पन पापनी पडली नाय पायजे. मागं आमच्या भावकीन लगीन झाला, नवरी जेवाला बसली नी पापनी डालीन. गाव अजून हसतंय. आता तुजी पापनी पडली त आमच्या गावान कोनी तुना बोलावनार नाय, सांगून ठेवतंय."

"माझी पापणी आजवर पडली नाही," आई म्हणाली. ते खरंच होतं.

आत्या गेल्यावर मी चाळिशीचा विषय परत काढला. आईनं उत्तर तयार ठेवलं होतं. सगळ्या सेक्टरला सांगून झालंय की चष्मा कायमचा गेला. आता नवा लावून बसले तर लोक म्हणतील, बाईनं डोळे जाळून घेतले आणि चष्मा तो चष्माच. शिवाय तिच्या हातांना सगळं पाठ होतं. डोळ्यांची गरज नाही.

हातांना किती पाठ आहे ते बघायला तिनं मला खुर्चीत बसवलं. उजवी पापणी बरी बसली. डावीकडे गोंद जास्त झाला आणि माझा डोळा अर्धा मिटून चिकटला. सकाळचं लेक्चर बुडवायचं नाही असा माझा नियम होता. मी तशीच गेले. अर्थशास्त्राचे सर मागणी आणि पुरवठा शिकवत होते. मध्येच थांबून त्यांनी माझ्याकडे बघितलं, पुन्हा फळ्याकडे वळले, पुन्हा बघितलं. "तुम्हाला काही सांगायचंय का?" त्यांनी विचारलं. मी नाही म्हणाले, आणि नेमका तेव्हाच तो डोळा आणखी थोडा मिटला. उरलेलं लेक्चर सर खिडकीकडे बघून शिकवत होते.

शेवटी आम्ही एक युक्ती ठरवली. मी मदतनीस म्हणून बरोबर जायचं, जवळ उभं राहायचं. पापणी नीट बसत असेल तर काही बोलायचं नाही. वाकडी जात असेल तर म्हणायचं, "आई, पदर." कुणाला संशय येणार नाही. मला हे फसवल्यासारखं वाटत होतं, पण दुसरं काही सुचत नव्हतं.

लग्नाच्या सकाळी महिना उलटून गेला होता. डॉक्टरांची परवानगी होती. आईनं फार दिवसांनी स्वतःच्या डोळ्यांत काजळ घातलं. आरशाजवळ गेली तर दिसेना, लांब गेली तर हात पुरेना. काजळ कानाच्या दिशेनं निघालं होतं. मी ओल्या रुमालानं पुसून दिलं. स्वतःच्या पापण्या तिनं डबीतच ठेवल्या.

नवरीच्या घरी खोली बायकांनी भरलेली. बाहेर बेंजोवाले सूर लावत होते. एका कोपऱ्यात म्हातारी धवलारीण लग्नाची गाणी म्हणत होती. नवरी मधोमध स्टुलावर बसलेली, मान वर, डोळे मिटलेले. फाउंडेशन, पावडर, गालांवरचा रंग, सगळं छान झालं. मग आईनं पहिली पापणी चिमट्यात धरली, गोंद लावला, आणि मागे सरकली. हात पुढे, मान मागे.

पापणी नवरीच्या भुवईकडे निघाली.

"आई, पदर," मी म्हणाले.

आई थांबली. आजूबाजूच्या चार-पाच बायकांनी आपापले पदर सावरले.

पापणी आता नाकाकडे आली. "आई, पदर."

पुन्हा सगळ्यांनी पदर सावरले. धवलारणीनं गाता गाता स्वतःचा खांदा चाचपला. एका मुलीनं शेजारणीला विचारलं, "कोन आला काय?" आणि तिनं दाराकडे बघितलं.

तिसऱ्यांदा मी "आई..." म्हणाले आणि आत्या उठली. "तुजे आयचा पदर कमरेला खोवलेला हाय," ती मला म्हणाली. मग तिनं आईकडे बघितलं, तिच्या लांबवलेल्या हाताकडे बघितलं. "बाय, एवढे लांबशी काय बगतंस? पोरगी हाय का होडी?"

खोलीत हसू पसरलं. आईनं चिमटा खाली घेतला. बाजारात फुटलेल्या मडक्याकडे बघतात तसं ती त्या पापणीकडे बघत होती. मला वाटलं आता सामान गोळा करायचं, आणि मी पावडरचा डबा बंदही केला.

आत्यानं गळ्यातला चष्मा काढला. त्याची एक काडी काळ्या दोऱ्यानं बांधलेली होती. "चालिशी लागली तुना," ती म्हणाली. "हा घे. मी तांदूल निवडतंय यान."

"मी छत्तीसची आहे," आई म्हणाली. सवयीनं निघून गेलं असावं.

"हा. नी मी सोला."

आता धवलारीण पण हसली आणि तिचं गाणं तुटलं. स्टुलावरची नवरी डोळे मिटूनच हसत होती, तिचे खांदे हलत होते. आईनं चष्मा हातात घेतला. मग तो घातला. दोरा कानामागे टोचत होता, तो तिनं नीट केला. नवरीकडे बघितलं आणि तिचं तोंड जरासं उघडं राहिलं. "केवढं स्पष्ट," ती स्वतःशीच म्हणाली. मग पर्समधली वेलची काढून तोंडात टाकली आणि अगदी जवळ वाकली.

पहिली पापणी बसली. दुसरी बसली. मी श्वास सोडला तो आत्यानं ऐकला असणार.

"दे आता, मना बगू दे," आत्या म्हणाली. आईनं चष्मा दिला. आत्यानं नवरीची हनुवटी धरून डोळे तपासले. चष्मा परत दिला. आईनं लायनर ओढला. "दे." आत्यानं लायनर बघितला. मस्कारा झाला. "दे." लग्नाची घाई सुरू होती, बाहेरून माणसं हाका मारत होती, आणि आत तो एक चष्मा दोघींमध्ये ये-जा करत होता. शेवटी आत्या म्हणाली, "सारक्या हायत." एवढंच. पण खोलीतल्या एका बाईनं लगेच विचारलं की तिच्या पोरीचं लग्न वैशाखात आहे, मॅडमना वेळ आहे का. आईनं तिला थांबायला सांगितलं. लग्न अजून व्हायचं होतं.

आणि खरंच, दिवसभर आम्ही दोघींनी लग्न असं बघितलंच नाही. आम्ही पापण्या बघत होतो. अक्षता पडल्या, होमाचा धूर झाला, नवरीनं डोळे चोळायला हात वर नेला आणि आईनं माझा दंड घट्ट धरला. नवरी जेवायला बसली तेव्हा मी वाढणाऱ्या पोरींच्या मागे उभी राहून तिच्या वाटीत वाकून बघितलं. वाटीत डाळच होती.

पाठवणीला मात्र सगळं हाताबाहेर गेलं. नवरी एकेकीच्या गळ्यात पडून रडत होती. आई मांडवाच्या टोकाला खांब धरून उभी होती. शेवटी नवरी आत्याच्या गळ्यात पडली आणि दोघी हमसून हमसून रडल्या. आत्याला हुंदका आवरत नव्हता. तशा हुंदक्यातच तिनं एका हातानं नवरीला धरलं, दुसऱ्या हातानं चाचपडत चष्मा डोळ्यांवर चढवला, आणि भाचीचं तोंड वर करून नीट बघितलं.

"हायत गो," तिनं भाचीच्या खांद्यावरून आमच्याकडे रडत ओरडून सांगितलं. "दोनी हायत."

"मला इथून दिसतायत," आई मला म्हणाली.